हिमावर पाऊस: यामालच्या नेनेत्सांचा २०१३-१४ चा हिवाळा

यामाल द्वीपकल्पाच्या दक्षिण भागात ८ नोव्हेंबर २०१३ ला पाऊस लागला आणि जवळजवळ चोवीस तास पडत राहिला. जमिनीवर तोवर हिम साठलं होतं, ते भिजून चिंब झालं. मग थंडी परतली. पारा उणे ४० अंशांपर्यंत उतरला आणि भिजलेल्या हिमाचा काही सेंटीमीटर जाडीचा टणक बर्फ झाला. तो वसंत येईपर्यंत सुटला नाही. त्या हिवाळ्यात यामालवरचे सुमारे ६१,००० रेनडिअर उपासमारीनं मेले. द्वीपकल्पावर तेव्हा सुमारे २,७५,००० रेनडिअर होते. म्हणजे दर पाच जनावरांमागे एकाहून थोडं जास्तच गेलं.

मराठीत आपण स्नो आणि आइस दोन्हींना बर्फच म्हणतो, पण इथे तसं करून भागणार नाही. या लेखात भुसभुशीत, खुरानं उकरता येतं ते हिम, आणि गोठून दगड झालेला तो बर्फ. या दोहोंतल्या फरकावरच सगळं प्रकरण उभं आहे.

नेनेत्स लोकांच्या भाषेत असल्या वर्षाला ‘सेराद पो’ म्हणतात. ‘पो’ म्हणजे वर्ष. हे बर्फाच्या थराचं वर्ष. ज्याला नाव आहे ते संकट आजोबा-पणजोबांनीही पाहिलेलं असतं. मग शतकानुशतकं याच जमिनीवर कळप राखणाऱ्या माणसांची इतकी जनावरं डोळ्यांसमोर का मेली? पावसामुळे, हे उत्तर खरं आहे, पण अर्धं. उरलेलं अर्धं शोधायचं तर आधी ही माणसं जगतात कशी ते नीट पाहावं लागतं.

जमिनीचं टोक

नेनेत्स भाषेत ‘या’ म्हणजे भूमी आणि ‘मल’ म्हणजे टोक. वायव्य सायबेरियातलं हे द्वीपकल्प उत्तरेला कारा समुद्रात सुमारे ७०० किलोमीटर घुसलेलं आहे. पूर्वेला ओब नदीचं लांबच लांब आखात. जमीन सपाट, तळ्यांनी भरलेली, आणि खाली बारमाही गोठलेली. दक्षिणेची कड सोडली तर झाड नाही. ‘नेनेत्स’ या शब्दाचा अर्थच माणूस. रशियाच्या २०१० च्या जनगणनेत त्यांची संख्या ४४,००० हून अधिक होती. त्यातले बरेच जण आता गावांत राहतात, पण यामालवर हजारो माणसं अजूनही वर्षभर कळपाबरोबर फिरतात. त्यांतला कुणीही भूतकाळ जपायला फिरत नाही. हा त्यांचा आजचा धंदा आहे, घर आहे, मान आहे.

उन्हाळ्यात कळप उत्तरेला, समुद्राच्या वाऱ्याकडे जातो, कारण टुंड्रातले डास आणि माश्या रेनडिअरला चरू देत नाहीत, वेड लावतात. हिवाळ्यात तो दक्षिणेला, झाडांच्या कडेला उतरतो. वाटेत काही जथे गोठलेलं ओब आखात ओलांडतात. एका दमात सुमारे ५० किलोमीटर नुसता बर्फ, चरायला काही नाही. लांब पल्ल्याच्या वाटांवर वर्षाला हजार किलोमीटरांहून जास्त चाल होते.

राहतात ते ‘चूम’मध्ये. लांब वाशांचा शंकू उभा करायचा आणि त्यावर रेनडिअरच्या कातड्यांचं पांघरूण चढवायचं, हिवाळ्यात दुहेरी. चूम उभारणं आणि उतरवणं हे बाईचं काम, आणि चूमची मालकीणही तीच. शेगडीच्या पलीकडून मागच्या पवित्र खांबाकडे आणि तिथून बाहेर उभ्या असलेल्या देवांच्या घसरगाडीकडे एक न दिसणारी रेघ जाते. बायका ती ओलांडत नाहीत. पुरुषांची ‘मालित्सा’ अखंड शिवलेली, केस आतल्या बाजूला, टोपी आणि हातमोजे अंगालाच जोडलेले, म्हणजे वारा शिरायला फट नको. बायकांची ‘यागुश्का’ समोरून उघडणारी, कारण तान्ह्याला पाजायचं असतं. सगळं रेनडिअरच्या कातड्याचं, रेनडिअरच्याच शिरांच्या दोऱ्यानं शिवलेलं. जनावर कापलं की मांस आणि रक्त ताजं, गरम असतानाच खातात. जिथे पालेभाजी उगवत नाही तिथे जीवनसत्त्वं यातूनच मिळतात.

आणि तळ हलतो तोही रेनडिअरवरच. घसरगाड्या एकामागे एक बांधलेल्या असतात, प्रत्येक गाडीला गाडीचे रेनडिअर. या काफिल्याला ‘आर्गिश’ म्हणतात. आता बहुतेकांकडे स्नोमोबाइल आहे, पण तिला पेट्रोल लागतं आणि पेट्रोल गावात मिळतं. सगळा संसार ओढायला गाडीचे शिकवलेले, खच्ची केलेले नरच लागतात. असा नर तयार व्हायला काही वर्षं जातात. ही गोष्ट पुढे कामाला येणार आहे.

खुराखालचं अन्न

हिवाळ्यात रेनडिअर मुख्यतः लायकेनवर जगतो. तिथे त्याला ‘यागेल’ म्हणतात. आपल्या गोड्या मसाल्यातलं दगडफूल हे लायकेनच. शैवाल आणि बुरशी यांची जोडी. यागेल त्याच गणगोतातलं, फक्त जमिनीवर गाद्यांसारखं पसरणारं. त्यात कर्बोदकं भरपूर, प्रथिनं नगण्य. जनावर त्यावर वाढत नाही, पण तगतं. यागेल वर्षाला काही मिलिमीटरच वाढतं; तुडवलेली, खाऊन संपलेली गादी पुन्हा भरायला दशकं लागतात. म्हणून कळप एका जागी फार दिवस ठेवायचा नाही, ही पहिली शिकवण.

रेनडिअर हिमाखालचं यागेल वासानं हुडकतो आणि पुढच्या खुरांनी उकरतो. हिवाळ्यात त्याच्या तळव्याची मऊ गादी आक्रसते आणि खुराची धार पुढे येते, म्हणजे निसर्गानं त्याला खोरंच दिलेलं आहे. त्या उकरलेल्या खड्ड्यात आईशेजारी त्या वर्षीचं पाडस खातं. आता या चित्रात हिमावर चार बोटं बर्फ घाला. खूर घसरतो. वास वर येत नाही. जनावर दुसरीकडे जातं, तिथेही तेच. प्रत्येक प्रयत्नाला चरबी जळते आणि पोटात काही जात नाही. शरद ऋतूत माज येऊन गेलेला असतो, त्यामुळे नोव्हेंबरात माद्या गाभण असतात. त्यांना मे महिन्यापर्यंत पोटातलं पाडस सांभाळायचं असतं.

माणसानं कुदळीनं बर्फ फोडावा, तर चार-दोन जनावरांपुरता फोडता येईल. हजारांच्या कळपाला ते पुरणारं नाही.

दहा नोव्हेंबरची सकाळ

पाऊस थांबून थंडी पडली तेव्हा बरेच कळप दक्षिणेच्या वाटेवर होते. कळपाच्या प्रमुखासमोर त्या सकाळी काय काय होतं, हे एकेक करून पाहिलं पाहिजे, कारण बाहेरून पाहणारा पटकन विचारतो, ‘त्यांनी अमुक का नाही केलं?’

पहिलं म्हणजे थांबणं. कधी कधी वारा सुटतो, पुन्हा ऊब येते, थर फुटतो. थांबण्यात शहाणपण असतं, कारण उपाशी जनावराला चालवणं म्हणजे त्याची उरलेली चरबी वाटेवर सांडणं. पण या वेळी थर फुटला नाही.

दुसरं म्हणजे निघणं, आणि जुन्या काळापासून हेच मुख्य उत्तर होतं. बर्फाचा पट्टा सहसा एका भागापुरता असतो. शेजारच्या खोऱ्यात हिम कोरडं असू शकतं. लगेच तळ उचलायचा आणि गाडीचे रेनडिअर थकायच्या आत पट्ट्याबाहेर पडायचं. या डावाला दोन अटी आहेत. पट्टा ओलांडता येण्याइतका अरुंद हवा, आणि पलीकडची जमीन मोकळी हवी. २०१३ मध्ये पहिली अट मोडली: दक्षिण यामालचा फार मोठा भाग एकाच वेळी बर्फाखाली गेला. दुसऱ्या अटीचं काय झालं ते पुढे पाहू.

तिसरं म्हणजे कळप मोकळा सोडणं. जनावरं पांगतात, जिला जे मिळेल ते खाते, काही वाचतात. मालकी कानावर कापलेल्या खुणांनी पुढे ओळखता येते. पण पांगलेला कळप दुसऱ्यांच्या कळपांत मिसळतो, गोळा करायला महिने जातात, आणि गोळा करायला जायचं तर गाडीचे रेनडिअर लागतात. ते आधीच खंगलेले.

चौथं म्हणजे कापून विकणं. नोव्हेंबर हा नाही तरी कत्तलीचा हंगाम. पण कत्तलखाने ठरावीक गावांत आहेत, कळप तिथवर चालत न्यावा लागतो, आणि हाडं दिसणाऱ्या जनावराला भाव येत नाही. शिवाय कापायचं कुणाला? गाभण मादी कापली तर पुढचं वर्ष कापलं. गाडीचा नर कापला तर पायच कापले.

पाचवं म्हणजे बाहेरून चारा. हे सगळ्यात सोपं वाटतं आणि सगळ्यात अवघड आहे. रेनडिअर रवंथ करणारं जनावर. त्याच्या पोटातल्या जिवाणूंची घडी यागेलवर बसलेली असते. आठवडे उपाशी राहिल्यावर ती मोडते, आणि मग अचानक धान्य किंवा पेंड दिली तर पोटात आम्ल वाढून जनावर चाऱ्यावर उभं असतानाच दगावतं. चारा लावायचा तर आधीपासून, थोडा थोडा. तोही रस्ता नसलेल्या टुंड्रात, हजारो जनावरांना पुरेल इतका.

यातला प्रत्येक पर्याय कुणी ना कुणी ताडून पाहिला असणार. कळपावर जन्म काढलेल्या माणसांना हे मला वा तुम्हाला सुचण्याआधी सुचलेलं असतं. फिनलंडमधल्या रोवानिएमी इथल्या आर्क्टिक सेंटरचे ब्रूस फोर्ब्स आणि त्यांचे सहकारी यामालच्या भटक्या कुटुंबांबरोबर वर्षानुवर्षं काम करत आले आहेत. त्यांनी २०१६ मध्ये या घटनेचा आढावा प्रसिद्ध केला. त्यात दिसतं ते असं: अनेक कुटुंबांचे खासगी कळप जवळजवळ पूर्ण संपले, आणि ती माणसं मासेमारीवर आली. हिवाळाभर मेलेली जनावरं हिमात पडून राहिली.

६१,००० हा आकडा सगळ्यांत सारखा वाटला गेला नाही. मोठा कळप असलेल्याची काही शे जनावरं गेली तरी बीज उरतं. शंभराच्या आतल्या कळपाचं तसं नाही. गाडी ओढायला पुरेसे नर उरले नाहीत की चूम जिथे आहे तिथेच रुतलं. मग नदीकाठ गाठायचा, जाळी टाकायची, मुकसुनसारखे मासे काढायचे. माशांवर पोट भरतं. पण माशाच्या कातडीची मालित्सा होत नाही, आणि मासा गाडी ओढत नाही. ज्यानं काल दोनशे जनावरांच्या पुढे उभं राहून तिन्झ्यान, म्हणजे फेकदोर, फेकला, तो आज नदीकाठी थांबलेला: हे नुकसान कुठल्याही तक्त्यात मांडता येत नाही, आणि मला तेच सगळ्यात मोठं वाटतं.

पलीकडची जमीन

आता ती दुसरी अट. पट्ट्याबाहेर पडलंच, तर पुढे जागा आहे का?

यामालची जागा तीन बाजूंनी आकसत गेली आहे. नैसर्गिक वायूचं कारण सगळ्यांना दिसतं. पश्चिम यामालवरच्या बोवानेन्कोवो क्षेत्राचा शोध १९७१ चा. तिथून ऑक्टोबर २०१२ मध्ये वायू निघू लागला, म्हणजे त्या पावसाच्या जेमतेम एक वर्ष आधी. त्याच्यासाठी ओब्स्कायाहून बोवानेन्कोवोमार्गे कारस्कायापर्यंत ५७२ किलोमीटरांचा लोहमार्ग टुंड्रातून टाकला गेला. काही जथ्यांची जुनी वाट थेट या क्षेत्रातून जाते. कळप जावा म्हणून वायूचे नळ काही ठिकाणी उंच उचलले आहेत, रस्ता ओलांडताना घसरगाड्यांच्या पट्ट्या झिजू नयेत म्हणून कापड अंथरतात. नेनेत्सांनी हे जमवून घेतलं, आणि त्यांच्या लवचिकतेचं संशोधकांनी मनापासून कौतुकही केलं आहे. पण ठरलेल्या जागीच ओलांडायचं, ठरलेल्या वेळीच ओलांडायचं, हे चांगल्या वर्षात चालतं. सेराद पोच्या वर्षात वाट आयत्या वेळी बदलावी लागते, आणि नेमकं तेच करायला आता वाव कमी.

कळपही वाढले. सोव्हिएत काळात सामूहिकीकरण झालं, म्हणजे घराण्यांची जनावरं सरकारनं सामूहिक कळपांत नेली. यामालच्या नेनेत्सांनी १९३४ मध्ये आणि पुन्हा १९४३ मध्ये त्याविरुद्ध उठाव केले, ते ‘मंदालादा’ म्हणून ओळखले जातात, आणि चिरडले गेले. तरीही इथे खासगी जनावरं पूर्ण संपली नाहीत. सोव्हिएत संघ मोडल्यावर खासगी कळप झपाट्यानं वाढले. आज यामालो-नेनेत्स स्वायत्त प्रदेशात जगातले सगळ्यात जास्त पाळीव रेनडिअर आहेत. यागेल खाल्लं जाण्याच्या वेगानं वाढत नाही, हे कळपवाल्यांनाही दिसतं. पण ज्या घराण्याची जनावरं एकदा सरकारनं नेली, त्याला कळप कमी करा असं सांगणं सोपं नाही. आणि सेराद पोला टिकण्याचा घरगुती विमाही मोठा कळप हाच.

तिसरी बाजू समुद्राची. फोर्ब्स यांच्या गटानं मांडलेला दुवा असा: शरदात बारेन्ट्स आणि कारा समुद्रांवर पूर्वीइतका बर्फ धरत नाही. उघडं पाणी हवेला ऊब आणि ओल देतं, आणि नोव्हेंबरात जिथे हिम पडायचं तिथे पाऊस पडतो. नोव्हेंबर २००६ मध्येही यामालवर असाच पाऊस पडला होता आणि सुमारे २०,००० जनावरं दगावली होती. सात वर्षांत दोन. आजोबांच्या आठवणीत जे क्वचितचं होतं ते एका कळपाला पुन्हा भरायला लागणाऱ्या काळाच्या आतच परत आलं.

म्हणून माझं म्हणणं असं आहे की ही जनावरं पावसानं आणि जागा संपल्यानं मिळून मारली. नुसता पाऊस असता तर नेनेत्सांकडे उत्तर होतं: चालू लागणं. ते उत्तर वापरायला जी मोकळीक लागते तीच आधी कमी झालेली होती.

माद्यांची उधारी

कळप पुन्हा उभा करायचा मार्ग जुनाच आहे. नातलग, शेजारी, ज्यांचं वाचलं ते, ज्यांचं गेलं त्यांना वीण धरायला जनावरं देतात. यात दया नसते. टुंड्रात आज देणारा उद्या घेणारा असू शकतो, हे दोघांनाही माहीत असतं. पण मादी वर्षाला एकच पाडस देते. त्यातली निम्मी नर. पाडस मादी असली तरी ती विणायला लागेपर्यंत दोन-तीन वर्षं. लांडगा, रोग, पुढचा हिवाळा यांतून वाचली तर. वीस उसन्या माद्यांपासून संसार ओढेल इतका कळप व्हायला कितीतरी वर्षं लागतात, आणि तोवर जाळी टाकणं चालूच. दरम्यान शाळेत वाढणारी मुलं, जी हिवाळा वसतिगृहात आणि उन्हाळा कळपावर काढतात, ती कुठल्या कळपावर परतणार?

ही भरपाई चालू असतानाच २०१६ चा उन्हाळा आला. पारा ३५ अंशांपर्यंत गेला, गोठलेली जमीन नेहमीपेक्षा खोल वितळली, आणि यामालवर १९४१ नंतर पहिल्यांदा अँथ्रॅक्स, म्हणजे आपल्याकडचा काळपुळी रोग, उफाळला. दोन हजारांहून अधिक रेनडिअर मेले, डझनावारी माणसं आजारी पडली, बारा वर्षांचा एक मुलगा दगावला. रेनडिअरना लस देणं २००७ मध्येच थांबवलेलं होतं. ते पुन्हा सुरू झालं. आणि त्याच शरदात अडीच लाख रेनडिअर कमी करायची योजना प्रशासनाकडून पुढे आली. कारण दिलं गेलं ते गर्दीचं.

गर्दी खरी आहे. पण तीन वर्षांपूर्वी ज्यांनी उपाशी कळप पाहिला त्यांना हा आकडा कसा ऐकू आला असेल, याचा विचार मला सोडत नाही. जमिनीवर जास्त झालेल्या गोष्टींची मोजदाद करायची तर रूळ, नळ आणि वायूच्या विहिरीही त्यात धराव्यात, केवळ जनावरं नकोत.

फोर्ब्स यांच्या गटाच्या आढाव्यात दोन साध्या गोष्टी सुचवल्या आहेत, आणि त्या मला पटतात. शरदात समुद्रावर किती बर्फ आहे याची ताजी माहिती कळपांपर्यंत पोचवणं, म्हणजे धोक्याचं वर्ष ओळखून आधीच वाट बदलता येईल. आणि जागेवर नेता येणारे कत्तलखाने, म्हणजे वाचणार नाहीत अशी जनावरं अंगावर मांस असतानाच, हाल न होता कापता येतील आणि घरात चार पैसे येतील. पावसाला यातलं काहीच अडवत नाही, पण कळपाच्या प्रमुखाला हवे असलेले काही दिवस मिळतात.

२०२०-२१ च्या हिवाळ्यात यामालवर पुन्हा बर्फाचा थर धरला आणि कळप पुन्हा उपाशी पडले. २०१४ च्या वसंतात कुणी उसन्या माद्या घेतल्या असतील, तर त्यांच्या पहिल्या पाडसांतल्या माद्या त्या हिवाळ्यात गाभण असण्याच्या वयाच्या होत्या.